लिफ्टमधली मराठी

लग्नाचं रुखवत हल्ली भाड्याने मिळतं, ही बातमी भागीरथीबाईंना व्हिडिओ कॉलवर समजली, आणि तीही होणाऱ्या विहीणबाईंच्या तोंडून. पुण्याच्या हेमलताबाई बोलायला फार गोड. "रुखवताचं अजिबात मनावर घेऊ नका हो," त्या म्हणाल्या. "तुमच्याकडे तिकडे नसेलच तसं काही. आम्ही इथून सगळा सेट भाड्याने आणू. कुरडया, सांडगे, सगळं काचेच्या पेटीत बसवलेलं असतं. फक्त खायचं नसतं."

भागीरथीबाई हसल्या, बरं म्हणाल्या आणि फोन ठेवला. पण 'तुमच्याकडे तिकडे' हे त्यांना लागलं होतं. श्रीधररावांच्या आजोबांनी साताऱ्याकडून येऊन बंगळुरातल्या चिकपेटेत कापडाचं दुकान टाकलं, त्यानंतरची ही चौथी पिढी. एवढ्या काळात घरात कन्नड शिरलं, पोह्यांच्या जागी इडली आली, नातीला, रूपश्रीला, मराठी वाचताना ओळीखाली बोट ठेवावं लागायला लागलं. पण चैत्रातलं हळदीकुंकू कधी चुकलं नाही, आणि घरातल्या एकाही मुलीचं रुखवत कुरडयांशिवाय मांडलं गेलं नाही. पुण्यात राहून मराठी असणं सोपं, त्याला काही करावं लागत नाही, असं भागीरथीबाईंचं मत होतं. बंगळुरात मराठी राहायचं तर रोज उठून राहावं लागतं.

"रूपश्रीच्या रुखवतात माझ्या हातच्या कुरडया असणार," संध्याकाळी त्यांनी नवऱ्याला सांगितलं. "एक ताट नाही, पाच ताटं. आणि खायच्या."

श्रीधररावांनी कन्नडमध्ये "सरी", म्हणजे बरं, म्हटलं. दुकानातून निवृत्त झाल्यापासून ते घरात बहुतेक वेळा 'सरी' एवढंच म्हणत, आणि उरलेलं सगळं बोलणं इमारतीच्या संघाच्या बैठकीसाठी राखून ठेवत. तिथे ते सेक्रेटरी होते.

आता या जोडप्याची एक सोय सांगायला हवी. के. आर. पुरममधल्या त्या चार मजली इमारतीत कन्नड, तमिळ, तेलुगू, हिंदी, मल्याळम सगळं होतं, पण मराठी घर हे एकच. त्यामुळे मराठी भाषा ही या दोघांची खासगी मालमत्ता झाली होती. लिफ्टमध्ये कुणीही असो, दोघं सरळ समोर बघत, चेहरा देवळात असतो तसा ठेवत, आणि मनाला येईल ते बोलत. दुसऱ्या मजल्यावरच्या शिवकुमारांचा केसांचा टोप शिवकुमारांच्या शेजारी उभं राहूनच कितीदा तरी चर्चिला गेला होता. भिंतींना कान असतात म्हणतात. लिफ्टला तर चारी बाजूंनी भिंतीच, पण त्यांना मराठी येत नव्हतं.

गेल्या वर्षी तिसऱ्या मजल्यावर नदाफ मायलेक भाड्याने आले, तेव्हापासून या सोयीचा फारच उपयोग व्हायला लागला. मुलगा संगणकवाला, घरूनच काम करणारा. त्याची आई खैरुनबी, साठीच्या आतबाहेरची, रुंद बांध्याची आणि हसऱ्या तोंडाची. मुसलमान भाडेकरू येणार हे कळल्यावर श्रीधररावांनी घरमालकाला "स्वल्प विचार करा" असा सल्ला दिला होता. घरमालकाने स्वल्प विचार केला आणि घर देऊन टाकलं. मग बोलायला जागा उरली ती लिफ्ट.

सकाळी देवळात जायला दोघं चौथ्या मजल्यावरून निघाले की तिसऱ्यावर लिफ्ट थांबे आणि नेमक्या खैरुनबी आत येत. कन्नडमध्ये नमस्कार करत, भागीरथीबाईंसाठी कोपऱ्यातली धरायला दांडी असलेली जागा सोडत. भागीरथीबाई कन्नडमध्ये नमस्कार परत करत आणि समोर बघत मराठीत सुरू होत.

"हिच्या घरात रोज काय शिजतं देव जाणे. जिन्यात नाक धरावं लागतं."

"हळू बोल."

"हळू कशाला? तिला काय कळतंय? यांच्यात सोवळंओवळं काही नसतं हो. पदर लागेल, स्वल्प इकडे सरका."

तळमजला आला की खैरुनबी दार धरून उभ्या राहत. भागीरथीबाईंचे गुडघे अधू, त्यांना उतरायला वेळ लागे. उतरताना त्या कन्नडमध्ये धन्यवाद म्हणत. रीतभात म्हणजे रीतभात.

कुरडयांसाठी गहू भिजत पडले ते लग्नाला तीन आठवडे असताना. ते वाटायचे, चीक गाळायचा, वरचं पाणी ओतायचं, मग हिंगमीठ घालून चीक असा शिजवायचा की पळी उभी राहिली पाहिजे. श्रीधररावांनी सोऱ्या दाबला, भागीरथीबाईंनी हात फिरवला, आणि दोघांची पाठ एकाच दिवशी धरली. पण त्याआधी गच्चीचा प्रश्न होता. गच्ची सगळ्यांची, म्हणजे तिच्यावर कुणीही येणार. भागीरथीबाईंनी ती दोनदा धुऊन घेतली, आणि मधोमध रांगोळीची जाड रेघ ओढली. टाकीकडची बाजू, जिथे सकाळचं ऊन पहिलं येतं, ती त्यांची. पलीकडची बाकी इमारतीची. खैरुनबीही त्या दिवशी काहीतरी वाळत घालायला आल्या होत्या. त्यांनी रेघ पाहिली, मान डोलावली आणि आपली पाटी उचलून पलीकडे गेल्या. त्यांनी तिथे काय घातलं ते भागीरथीबाईंनी पाहिलं नाही. त्यांच्यातलं काहीतरी असेल, एवढं त्यांना पुरेसं होतं.

इथून पुढे जे झालं त्याचा दोष कुणाला द्यायचा हे संघाच्या बैठकीत अजून ठरलेलं नाही. गच्ची दोनदा धुतल्यामुळे टाकी रिकामी झाली. टाकी रिकामी झाल्यामुळे सगळ्या मजल्यांवरून आरडाओरडा झाला आणि पाण्याचा टँकर मागवावा लागला. टँकर खाली हौदात ओतून गेला, आता पाणी मोटरने वर चढवायचं होतं. हे काम वॉचमन कल्लाप्पाचं. पण मोटर लावली की टाकी भरली का ते बघायला कल्लाप्पा वर जाणार, आणि चपला घालून कुरडयांमधून चालणार, हे भागीरथीबाईंच्या डोळ्यांसमोर आलं. तेव्हा श्रीधररावांनी मोटरच्या खोलीची किल्ली स्वतःकडे घेतली, मोटर लावली, कुणी मध्ये हात घालू नये म्हणून खोलीला कुलूप घातलं, आणि वर जायला निघाले. एवढ्यात साडीवाल्याचा फोन आला. रूपश्रीच्या शालूचा काठ बदलून मिळेल, पण आत्ताच्या आत्ता या. भागीरथीबाईंनी रिक्षा थांबवलेलीच होती.

टिन फॅक्टरीच्या चौकात रिक्षा जी अडकली ती अडकली. घाम पुसायला श्रीधररावांनी खिशातून रुमाल काढला, आणि रुमालाबरोबर किल्ली बाहेर आली. त्यांनी ती हातात धरून बराच वेळ पाहिली. मग कल्लाप्पाला फोन लावला. कल्लाप्पा म्हणाला, सार, काही काळजी करू नका, पाणी उत्तम येतंय, वरून जोगच्या धबधब्यासारखं पडतंय, कुलूप फोडू का? श्रीधररावांमधला सेक्रेटरी जागा झाला. संघाच्या मालमत्तेचं कुलूप फोडायला ठराव लागतो, असं ते बोलून गेले. भागीरथीबाईंनी त्यांच्याकडे एकदाच पाहिलं. तेव्हा त्यांनी फोड म्हणून सांगितलं, पण तोवर फोन कट झाला होता आणि पुन्हा लागेना.

ज्या इमारतीत भर उन्हाळ्यात दात घासायला पाणी नसतं, तिच्या जिन्यावरून, दोघं परतले तेव्हा, पाणी वाहत होतं. श्रीधरराव मोटर बंद करायला धावले. कल्लाप्पाने भागीरथीबाईंना सांगितलं की खिडकीबाहेर पाणी पडताना नदाफ अम्मांना दिसलं, त्या वर धावल्या आणि सगळं उचलून आपल्या घरी घेऊन गेल्या. ऐकून भागीरथीबाईंचा जीव भांड्यात पडला, आणि लगेच भांडं कुणाचं हे लक्षात येऊन वर आला.

तिसऱ्या मजल्यावर नदाफांचं दार सताड उघडं होतं. तोवर श्रीधररावही धापा टाकत येऊन पोचले. आत सोफा भिंतीला उभा केलेला, टेबल स्वयंपाकघरात, आणि सबंध फरशीवर पांढऱ्याशुभ्र चादरी अंथरून त्यांवर कुरडयांच्या रांगा लावलेल्या. छताचा पंखा, टेबलाचा पंखा, कुठून तरी आणलेला उभा पंखा, सगळे जोरात फिरत होते. खैरुनबी ओल्या साडीने मधोमध बसून एकेक कुरडई उलटत होत्या.

भागीरथीबाई उंबऱ्याशी थांबल्या. सवयीने त्यांनी समोर बघितलं, चेहरा देवळातला केला.

"आता काय करायचं?" त्या ओठ फारसे न हलवता म्हणाल्या. "हिच्या घरात, हिच्या चादरींवर. हे रुखवतात कसं मांडायचं? तोंडदेखले आभार माना, वर नेऊ, आणि टाकून देऊ."

"टाकू नका अक्का," खैरुनबी म्हणाल्या. "चादरी नव्या हैत. घडी मोडली न्हवती अजून."

हे मराठीत होतं.

श्रीधरराव पंख्याकडेच बघत होते, कारण दुसरीकडे कुठे बघावं ते त्यांना कळेना.

"तुम्हाला मराठी येतं?" भागीरथीबाईंनी विचारलं. त्यांचा आवाज फार बारीक झाला होता.

"निपाणीची न्हवं का मी. गाद्यांचं दुकान व्हतं आमचं. घरात, दारात मराठीच."

भागीरथीबाईंच्या डोक्यात वर्षभराची लिफ्ट वरखाली करू लागली. वास. पदर. सोवळंओवळं. पोराची दाढी. भाजीची पिशवी आधी कोणत्या हातात धरली आणि मग बटण कोणत्या हाताने दाबलं. प्रत्येक मजल्यावर काही ना काही होतं.

"मग इतके दिवस..." त्या म्हणाल्या.

"बोलले न्हाई. तुमी नवराबायको मोकळं बोलत व्हता. म्या तोंड उघडलं असतं तर तुमी लिफ्ट सोडून जिन्यानं गेला असता. आन तुमचं गुडघं तर असं."

हा टोमणा असता तर भागीरथीबाईंना बरं वाटलं असतं. टोमण्याला उत्तर देता येतं. पण खैरुनबी खरंच गुडघ्यांबद्दलच बोलत होत्या.

"राग नाही आला तुम्हाला?" श्रीधररावांनी विचारलं. बैठकीबाहेर त्यांनी एवढं लांब वाक्य बऱ्याच दिवसांनी उच्चारलं होतं.

"आला की. पयल्यांदा लई आला. ठरवलं, एक दिस चांगलं सुनवायचं." खैरुनबींनी एक कुरडई उलटली. "पर इथं मराठी कुठं ऐकाया मिळतंय, सांगा. पोरगं दिसभर फोनवर इंग्रजीत, भाईर कन्नड. तुमची लिफ्ट कवा उतरती ते बघून मी निघायची. काय का बोलंनात, मराठी कानावर पडलं की बरं वाटतंय."

भागीरथीबाई खाली बसल्या. गुडघे दुखत असूनही फरशीवर बसल्या. रोज लिफ्ट नेमकी तिसऱ्यावर कशी थांबते, याबद्दलही त्या एकदा बोलल्या होत्या. आपल्या पाळतीवर असते, असं म्हणाल्या होत्या. ते एकच खरं निघालं होतं. त्यांना मनापासून लाज वाटली, आणि ती लपवायला तिथे पदरही पुरेना.

खैरुनबींनी चहा केला. भागीरथीबाई परक्या घरचं पाणीसुद्धा कारण सांगून टाळणाऱ्या. त्यांनी कप घेतला, अर्धा प्यायला, थांबल्या, आणि उरलेलाही प्यायला.

"ह्या सगळ्या तुमच्याच," खैरुनबी कुरडयांकडे हात करून म्हणाल्या. "माझ्या पलीकडल्या गेल्या वाहून. असू दे. लेकीला धाडणार व्हते, पुन्यांदा करीन."

"तुमच्या? म्हणजे तिकडे तुम्ही कुरडयाच घातल्या होत्या?"

"मग काय घालणार?" खैरुनबींनी विचारलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी गच्ची साफ करायला म्हणून भागीरथीबाई वर गेल्या. टाकीचा पाणी सांडायचा नळ थेट त्यांच्या बाजूवर वाकलेला होता. गच्चीचा उतारही तिकडेच. त्यांच्या सगळ्या बाजूवर चिकाचा पांढरा थर वाळून तडकला होता, कोपऱ्यातल्या पन्हाळीत कुरडयांचा लगदा अडकला होता. पलीकडच्या बाजूला मात्र पाणी पोचल्याची खूणही नव्हती. रांगोळीची रेघसुद्धा तिकडच्या कडेने शाबूत होती.

त्या रेघेकडे त्या बघत राहिल्या. ऊन पहिलं येतं म्हणून टाकीखालची जागा त्यांनीच घेतली होती. वाहून गेल्या त्या त्यांच्याच, एकूण एक. खाली चादरींवर वाळत होत्या त्या सगळ्या खैरुनबींच्या.

खाली येऊन त्यांनी नवऱ्याला सांगितलं. श्रीधरराव म्हणाले, मग परत देऊन टाक.

"देऊन टाकू? आणि पाच ताटांत काय मांडू, तुमची मोटरची किल्ली?"

तरी त्या सांगायला तिसऱ्या मजल्यावर गेल्या. म्हणाल्या, मी गच्चीवर जाऊन आले. खैरुनबींनी त्यांच्याकडे पाहिलं. चेहरा अगदी साधा, निवांत. "तुमच्याच हैत अक्का," त्या म्हणाल्या. "नातीचं लगीन हाय. पुण्याच्या मान्सांचं तोंड बंद करायचंय न्हवं?" हेही लिफ्टमध्येच बोललेलं होतं. भागीरथीबाईंचा अभिमान मोठा होता, पण गरज त्याहून मोठी होती. त्या गप्प बसल्या.

गप्प बसण्याची भरपाई त्या दुसऱ्या मार्गाने करू लागल्या. चादरी धुऊन द्यायला गेल्या आणि दोन तास बसल्या. सांडगे घालायला खैरुनबींना वर बोलावलं. गच्चीवर या वेळी रेघ नव्हती, आणि टाकीखाली कुणीच काही घातलं नाही. सांडगे घालता घालता खैरुनबी निपाणीच्या बाजाराच्या, मेलेल्या नवऱ्याच्या, भरलेल्या आणि मोडलेल्या दुकानाच्या गोष्टी सांगत. भागीरथीबाईंना नव्या मराठी गोष्टी ऐकून किती वर्षं झाली होती ते त्यांचं त्यांनाच आठवेना. घरात होत्या त्या सगळ्या श्रीधररावांच्या होत्या, आणि त्या त्यांना पाठ होत्या. पंधरवड्यात भागीरथीबाईंच्या तोंडी 'तुम्ही'चं 'तू' झालं. लिफ्टमध्ये आता तिघं बोलत. फक्त कुणाबद्दल बोलायचं ते ठरवताना तिघंही जरा विचार करत.

लग्नाच्या दिवशी हॉलमध्ये रुखवताचं टेबल दाराशीच मांडलं. पाच ताटं कुरडयांची, मधोमध. शेजारी तळलेल्या कुरडयांची परात, चव घ्यायला. रुखवताची राखण करावी लागते, नाहीतर नवऱ्या मुलाचे मित्र पळवतात. राखणीला कुणाला बसवायचं यावर घरात चर्चा झालीच नाही. हिरव्या रेशमी साडीत, डोक्यावरून पदर घेऊन खैरुनबी खुर्ची टाकून बसल्या होत्या आणि जवळ आलेल्या दोघा मित्रांना त्यांनी आधीच कन्नडमध्ये पळवून लावलं होतं.

हेमलताबाई आल्या. भागीरथीबाई पदर सारखा करून शेजारी उभ्या राहिल्या. हाच तो क्षण. विहीणबाई वाकल्या, एका ताटातली कुरडई बोटावर घेऊन उजेडाला धरली, तार न् तार निरखली.

"कमाल आहे," त्या मोठ्यांदा म्हणाल्या. "पुण्यात आता एवढी एकसारखी कुरडई बघायला मिळत नाही. आम्हीच विसरलो सगळं. बंगलोरमध्ये राहून तुम्ही हे जपलंत, खरंच अभिमान वाटला."

चार पिढ्यांना मिळायचं ते प्रशस्तिपत्र एका वाक्यात मिळालं. भागीरथीबाईंचा ऊर भरून आला. श्रीधररावांनी मागे उभं राहून नकळत कोट ओढून ताठ केला. सगळं इथेच थांबलं असतं तर फार बरं झालं असतं.

पण हेमलताबाई कुरडई ठेवायला वळल्या तेव्हा ती खैरुनबींनी हात पुढे करून घेतली आणि ताटात जागच्या जागी लावली. विहीणबाईंनी त्यांच्या डोक्यावरच्या पदराकडे, कपाळाकडे पाहिलं. मग सरळ समोर बघत, ओठ फारसे न हलवता त्या आपल्या बहिणीला म्हणाल्या, "ही कोण? रुखवताला हात लावतेय. परात झाकून ठेवायला सांग गं. यांच्यात सोवळंओवळं काही नसतं."

"हळू बोल," बहीण म्हणाली.

"तिला काय कळतंय?"

भागीरथीबाईंनी ते ऐकलं आणि त्यांना वाटलं, आपणच बोललो. शब्द तेच, सूर तोच, समोर बघायची पद्धतसुद्धा तीच. फरक एवढाच की या वेळी त्या दुसऱ्या बाजूला उभ्या होत्या, आणि तिथून ते फार वाईट ऐकू येत होतं. खैरुनबींकडे त्यांनी पाहिलं. त्या शांतपणे परातीवरची माशी वारत होत्या. वर्षभर लिफ्टमध्ये अशाच उभ्या राहिल्या होत्या त्या.

विहीणबाई नुकतंच कौतुक करून गेल्या होत्या. नात त्यांच्याकडे जायची होती. गप्प बसणं सोपं होतं, शहाणपणाचंही होतं. श्रीधररावांनी बायकोचा चेहरा पाहिला आणि घाईने खोकले, पण उशीर झाला होता.

"विहीणबाई," भागीरथीबाई म्हणाल्या, "त्या कुरडया माझ्या नाहीत."

हेमलताबाईंना समजेना.

"माझ्या सगळ्या वाहून गेल्या. यांनी मोटर चालू ठेवली. या हिच्या हातच्या आहेत. ही खैरुन नदाफ, निपाणीची, आमची शेजारीण. स्वतःच्या लेकीसाठी केलेल्या तिने माझ्या नातीला दिल्या, आणि वर मला सांगितलं की तुमच्याच आहेत. मी पण तुमच्यासमोर त्या माझ्या म्हणून मिरवणार होते." त्यांनी श्वास घेतला. मान आपोआप ताठ झाली. "आणि एक सांगते, राग मानू नका. बंगलोरात स्वल्प जपून बोलावं. इथे मराठी सगळ्यांना कळतं."

हे त्या अशा दिमाखात म्हणाल्या की जणू सबंध शहराला त्यांनीच घरोघर जाऊन शिकवलं होतं.

विहीणबाईंचा चेहरा एकदम उतरला. बहीण टेबलावरच्या सांडग्यांचं बारकाईने निरीक्षण करू लागली. आता लग्न राहतं की मोडतं अशा चेहऱ्याने श्रीधरराव उभे होते. तेवढ्यात खैरुनबी खुर्चीतून उठल्या.

"राहू द्या अक्का," त्या म्हणाल्या. मग तळलेल्या कुरडयांची परात उचलून त्यांनी हेमलताबाईंच्या पुढे धरली. "तुमी बोला ताई, मोकळं बोला. मराठी कानावर पडलं की बरं वाटतंय."

हेमलताबाई वाईट नव्हत्या. त्यांना फक्त आजवर कुणी मराठीत उत्तर दिलं नव्हतं. त्यांनी परातीकडे पाहिलं, खैरुनबींकडे पाहिलं, आणि एक कुरडई उचलली. हॉलमध्ये सनई चालू होती, तरी कुरकुर ऐकू आली. मग त्यांनी दुसरी घेतली. तिसरी घेताना हिंग किती घालता असं विचारलं, आणि उत्तर ऐकता ऐकता त्या खैरुनबींच्या शेजारच्या खुर्चीत बसल्या. थोड्या वेळाने त्या उठून बहिणीजवळ गेल्या आणि तिच्या कानात काहीतरी म्हणाल्या. या वेळी खबरदारी म्हणून इंग्रजीत म्हणाल्या.

संध्याकाळी नात सासरी गेली. डोळे पुसून झाले, टेबलं आवरून झाली, आणि तिघं इमारतीत परतले. कुरडयांची पाचही ताटं पुण्याला गेली होती. विहीणबाईंनी मागून नेली होती, भिशीतल्या बायकांना दाखवायला. लिफ्टमध्ये शिवकुमार होते. त्यांच्या टोपाकडे बघून भागीरथीबाईंनी तोंड उघडलं, विचार केला, आणि मिटलं. कुणी सांगावं, त्यांचं आजोळ बेळगावला असायचं.

दुसऱ्या मजल्यावर शिवकुमार उतरले. दार लागताच भागीरथीबाईंनी विचारलं, "ती विहीण शेवटी इंग्रजीत काय पुटपुटत होती गं? तुला कळलं असेल. तुझ्या घरात दिवसभर तेच चाललेलं असतं."

"कळलं की," खैरुनबी म्हणाल्या. "म्हणाली, आपल्याला जन्मात अशी शेजारीण भेटली न्हाई."

"तुझ्यासारखी ना? बरोबर बोलली."

"माझ्यासारखी न्हवं अक्का. तुमच्यासारखी."

भागीरथीबाईंनी चटकन वळून पाहिलं. खैरुनबींचा चेहरा अगदी साधा, निवांत होता. कुरडया सगळ्या तुमच्याच, असं सांगताना होता तसाच.

तिसरा मजला आला. श्रीधरराव दाराचं बटण धरून उभे राहिले. भागीरथीबाईंनी पदर सारखा केला, मान ताठ केली, आणि या वेळी गच्चीवर जाऊन खात्री करायची नाही असं ठरवून टाकलं.

"उद्या सकाळी देवळात जाताना थांबते हं," त्या म्हणाल्या. "लवकर ये. पुण्याच्या लोकांबद्दल पुष्कळ बोलायचंय."